मदत हवी आहे: ‘निरवद्या’मधल्या ‘अवद्य’चा अर्थ आणि व्युत्पत्ती

ललितासहस्रनामात ‘नित्यशुद्धा नित्यबुद्धा निरवद्या निरन्तरा’ अशी ओळ आहे. नावांचे मराठी अर्थ लिहून काढतेय, ‘निरवद्या’पाशी अडलं. एका पुस्तिकेत ‘निर्दोष’ दिलंय, दुसरीत ‘जिचा वध होत नाही ती’. फोड कशी करायची? आणि ‘अवद्य’ म्हणजे दोष की दोषास्पद?

प्रतिसाद १
वधाचा इथे काही संबंध नाही. तो शब्द ‘अवध्य’, त्यात ध आहे, इथे द. छपाईत ‘द्य’ आणि ‘ध्य’ सहज एकमेकांच्या जागी जातात, तुमच्या पुस्तिकेत तेच झालेलं दिसतं. शिवाय ‘अवध्य’ला ‘निर्’ लावला तर अर्थ उलटाच होईल.

धातू वद्, म्हणजे बोलणे. अ + वद् + यत् (‘-ण्याजोगं’ असा अर्थ देणारा प्रत्यय) = अवद्य: तोंडातून काढू नये असं. पण ‘न बोलण्याजोगं’ एवढ्यावर थांबू नका. पाणिनीचं सूत्र आहे (३.१.१०१): ‘अवद्यपण्यवर्या गर्ह्यपणितव्यानिरोधेषु’. तीन शब्द, पुढे क्रमाने त्यांचे तीन अर्थ. अवद्यची जोडी गर्ह्यशी, म्हणजे निंदेला पात्र. निंदेचा अर्थ नसेल तर रूपच बदलतं: क्यप् प्रत्यय लागतो, ‘व’चा ‘उ’ होतो आणि ‘अनुद्य’ तयार होतं. पाणिनीची सूत्रं समजावणाऱ्या ‘सिद्धान्तकौमुदी’ या ग्रंथातलं उदाहरण ‘अनुद्यं गुरुनाम’. गुरूचं नाव उच्चारायचं नाही, पण त्यात निंद्य काहीच नाही. एका उदाहरणात सगळा भेद लख्ख दिसतो!

दोष की दोषास्पद? दोन्ही. विशेषण असेल तर निंद्य, नपुंसकलिंगी नाम असेल तर दोष, पाप. ‘निरवद्या’त नाम घ्या: निर् + अवद्य, जिच्यात अवद्य नाही ती. ‘अनवद्य’मध्ये विशेषण: अन् + अवद्य, निंद्य नव्हे असा.

प्रतिसाद २
वरच्यात भर. मराठीतही दोष बोलण्यातूनच येतो: ‘बोल लावणे’ म्हणजे दोष देणे. संस्कृतातला ‘वाच्य’ही ‘निंदेला पात्र’ या अर्थाने येतो आणि ‘वाच्यता’ म्हणजे निंदा. मराठीत मात्र ‘कुठे वाच्यता करू नकोस’ म्हणजे बाहेर बोलू नकोस. संस्कृत वाचताना हा मराठी अर्थ मध्ये आणला की वाक्य फसतं.

तुमच्या ओळीसाठी ‘निर्दोष’ चुकीचं नाही, पण त्यात बोलण्याची छटा हरवते. ‘जिला बोल लावावा असं काहीच नाही ती’ असं लिहा.