उरुसेव्स्कीचा कॅमेरा: नाकापेक्षा मोती जड?

रीळवेडा: काल रात्री 'आय अ‍ॅम क्युबा' (१९६४) परत लावला. कॅमेरामन सर्गेई उरुसेव्स्की. त्यातला हवानातल्या अंत्ययात्रेचा शॉट आठवतोय ना, पोराचं प्रेत खांद्यावर, कॅमेरा गर्दीतून निघून इमारतीच्या भिंतीलगत मजले चढतो, सिगार कारखान्यात शिरतो, कामगार खिडकीतून झेंडा सोडतात आणि त्याच खिडकीतून कॅमेरा बाहेर पडून रस्त्यावर तरंगत पुढे, मधे एकही कट नाही. आ वासून बघत होतो. आणि तिथेच घोळ आहे, कारण पोरगं का मेलं हे मी पार विसरलो होतो, डोक्यात एकच की कॅमेरा असा तरंगवायला ह्यांनी केबल बांधली कुठे. कारागीर थोर, पण पिक्चर खाऊन टाकतो.

उचकी: तुला केबल आठवते ह्यात त्याचा काय दोष? 'द क्रेन्स आर फ्लाइंग' (१९५७) बघ. व्हेरोनिका युद्धावर निघालेल्या बॉरिसला निरोप द्यायला निघालीय, बसमधे कॅमेरा तिच्या तोंडाशी, ती उतरते, हातातला कॅमेरा तिच्यामागे गर्दीत घुसतो, मग एकदम वर उठतो आणि ती रणगाड्यांमधून पळताना एवढीशी दिसते. पोटात गोळा येतो की नाही? दुसऱ्या महायुद्धात फ्रंटवर कॅमेरा घेऊन फिरलेला माणूस आहे उरुसेव्स्की.

रीळवेडा: क्रेन्स मान्य, १९५८ ला कान महोत्सवाचं सगळ्यात मोठं बक्षीस, पाम द'ओर, उगाच नाही मिळालं. पण तिथे व्हेरोनिका झालेल्या तात्याना सामोइलोवाचा चेहरा होता. दिग्दर्शक दोन्हीकडे कालातोझोवच, तरी क्युबात धरून ठेवायला माणूसच नाही. म्हातारा शेतकरी, मालकाने जमीन कंपनीला विकली म्हणून स्वतःचा ऊस पेटवतोय आणि आपण म्हणतोय वा, काय पांढराशुभ्र ऊस! इन्फ्रारेड फिल्मची कमाल. क्युबातल्या लोकांनी पण तेव्हा नाक मुरडलंच होतं.

जुनाट: जरा थांबा. इन्फ्रारेडमधे हिरवा पाला पांढरा पडतो नि निळं आकाश काळवंडतं, बरोबर. पण उरुसेव्स्की मुळात चित्रकला शिकलेला, तीही फावोर्स्कीकडे, म्हणजे लाकडी ठसे कोरणाऱ्या उस्तादाकडे. काळ्या-पांढऱ्यातच विचार करणार. आणि जन्मभर कसलेलं शेत एका दिवसात परकं झालं तर त्या म्हाताऱ्याला ते असंच दिसणार ना, भुतासारखं? मला तर रंगीत ऊस तिथे खोटा वाटला असता.

मधलाआळी: मला कॅमेरामन म्हणून युसोव बरा. 'आंद्रेई रुब्ल्योव'मधे कॅमेरा फिरतो पण चाहूल लागत नाही.

उचकी: युसोवचा वेगळा धागा काढ बाबा, इथे आधीच मारामारी चालूय.

रीळवेडा: @जुनाट भुताचं पटलं, हे डोक्यात आलं नव्हतं. उसाचा सीन परत बघतो. अंत्ययात्रेचं मात्र मत बदलणार नाही, तिथे मला अजून केबलच दिसते.