मदत हवी आहे: जुन्या सर्व्हरकडे उलट रेप्लिकेशन, पण न पोचलेल्या नोंदींचं काय?

नमस्कार मंडळी,

आमच्या पोस्टग्रेस डेटाबेसचा मुख्य सर्व्हर (प्राइमरी) पॉवर सप्लाय जळाल्याने अचानक बंद पडला. त्याची प्रत ठेवणाऱ्या राखीव सर्व्हरला (स्टँडबाय) प्राइमरी केलं, काम सुरू राहिलं. आता जुना सर्व्हर दुरुस्त झालाय, डिस्क शाबूत आहेत. नव्या प्राइमरीकडून डेटा जुन्याकडे आणायचा आणि सगळं जुळलं की भूमिका पुन्हा बदलायच्या, असा बेत आहे.

अडचण अशी की रेप्लिकेशन (प्राइमरीवरचे बदल स्टँडबायकडे पाठवणं) असिंक्रोनस होतं, म्हणजे बदल स्टँडबायकडे पोचायची वाट प्राइमरी पाहत नव्हती. शेवटच्या क्षणांतले काही व्यवहार जुन्या सर्व्हरवरच राहिले असणार. शिवाय प्रमोशननंतर (स्टँडबायला प्राइमरी केल्यावर) टाइमलाइन, म्हणजे बदलांच्या इतिहासाची शाखा, बदलली आणि जुन्यावर त्या फाट्यापुढचे व्यवहार आहेत, त्यामुळे जुन्याला नुसतं स्टँडबाय म्हणून जोडता येत नाही. पीजी-रिवाइंड या टूलने जुना सर्व्हर नव्याशी जुळवला तर टेबलांच्या डेटाचे फक्त बदललेले ब्लॉक येतील, पूर्ण बेस बॅकअप (सगळ्या डेटाची नवी प्रत) टळेल. डेटाबेस अवाढव्य असल्याने हे फार मोलाचं. डेटा चेकसम (डेटा बिघडला का ते तपासणारे आकडे) सुरू आहेत, म्हणजे पीजी-रिवाइंडची ती अटही पूर्ण होते. पण रिवाइंड केलं की ते अडकलेले व्यवहार कायमचे जाणार. त्या लोकांच्या खऱ्या नोंदी आहेत, मला त्या गमवायच्या नाहीत.

रिवाइंडआधी जुन्या डेटाची प्रत काढून ती नेटवर्कपासून तोडलेल्या मशीनवर सुरू करावी, असं वाटतंय. पीजी-वॉलडंपने (बदलांचा लॉग वाचून दाखवणारं टूल) फाटा फुटल्यानंतरचे व्यवहार दिसतील, पण त्यातून मूळ ओळी काढणं जिकिरीचं. कोणी दोन्हीकडची टेबलं थेट ताडून पाहिली आहेत का? सापडलेल्या नोंदी नव्या प्राइमरीत घालताना सीक्वेन्सचे (नव्या ओळींना आपोआप मिळणारे) तेच क्रमांक आधीच वापरले गेले असतील, तर ते कसं सोडवलंत?