मदत हवी आहे: पीककर्जाच्या संमतीपत्राला दाजी हक्कसोड समजले

वडील मृत्युपत्र न करता गेले. वारसनोंद झाली, सातबाऱ्यावर आई, ताई आणि माझं नाव लागलं. सोसायटीने पीककर्जासाठी सहहिस्सेदारांची संमती मागितली म्हणून कागद ताईकडे पाठवला. दाजींना वाटलं हक्कसोडपत्रच आहे. "गोड बोलून सही घेताय काय?" म्हणत परत पाठवला. तेव्हापासून ताई ना पंचमीला आली, ना भाऊबीजेला. फोन उचलते, पण सासू जवळ असली की नुसतं हं-हं.

हक्कसोड नोंदणीशिवाय होत नाही, वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनंतर मुलीचा वाटा मुलाइतकाच, हे मला माहीत आहे आणि तिचा वाटा मला नकोच आहे. मामांनी जाऊन हेच सांगितलं, तर दाजी म्हणाले, तुम्ही त्यांचेच. (खरंय म्हणा.) आई आहे तोवर वाटप नको. वकिलाची नोटीसही नको, त्याने उरलंसुरलं जाईल.

संमती फक्त या हंगामाच्या कर्जापुरती, हिश्श्याला धक्का नाही, असं कागदात लिहून कुणी घेतलंय का? सोसायटीने ते चालवून घेतलं? की माझ्या हिश्श्यापुरतंच कर्ज मिळतं? आणि दाजींशी बोलायला कुणाला पुढे करावं, त्यांच्या गावचे पोलीस पाटील की त्यांच्याच भावकीतलं कुणी वडीलधारं?