वर्डमार्क : १४०१ ची हुशारी की गळ्यातली धोंड?

फेराइट
आयबीएमच्या १४०१ या संगणकातला वर्डमार्क, म्हणजे मेमरीत आकडा कुठे संपतो ते दाखवणारी एका बिटाची खूण, ही जुनाट तडजोड होती, असं हल्ली सर्रास म्हटलं जातं. मला ते अजिबात पटत नाही. ऑक्टोबर १९५९ मध्ये हे यंत्र जाहीर झालं तेव्हा सर्वांत लहान मॉडेलला कोअर मेमरीची (चुंबकीय कड्यांच्या मेमरीची) फक्त १,४०० स्थानं होती. प्रत्येक स्थानात ८ बिट: ६ अक्षरासाठी, १ पॅरिटीचा (चूक तपासण्यासाठी), १ वर्डमार्कचा. आकडा ३ अंकी असेल तर ३ स्थानं, ११ अंकी असेल तर ११. त्याच काळातल्या आयबीएम ७०९० या संगणकाचा शब्द, म्हणजे मेमरीतला ठरावीक मापाचा कप्पा, ३६ बिटांचा. एकअंकी विभाग क्रमांक ठेवायचा तर अख्खा शब्द खर्ची घाला, नाहीतर शिफ्ट-मास्क करत (हवे ते बिट सरकवत, नको ते झाकत) बसा. पगारपत्रकाला ही चैन परवडणारी नव्हती.

बेरीज कशी होते ते बघा. आज्ञेत दोन्ही आकड्यांच्या एकम स्थानाचे पत्ते असतात. यंत्र उजवीकडून डावीकडे एकेक अंक मिळवत जातं आणि बी फील्डचा (ज्या आकड्यात ए फील्ड मिळवून बेरीज ठेवली जाते त्याचा) वर्डमार्क लागला की थांबतं. लांबी मोजणारा काउंटर लागतच नाही. जर्मेनियम ट्रान्झिस्टरच्या जमान्यात जेवढी सर्किटं कमी तेवढं यंत्र स्वस्त.

बाइटवाला
काउंटर वाचला खरा, पण लांबी आज्ञेतून काढून डेटात पेरली. सगळी दुखणी तिथूनच सुरू होतात. ४०१ ते ४०५ मध्ये एकूण रक्कम आहे, वर्डमार्क ४०१ वर. कुणी साफसफाईसाठी ‘/’ आज्ञेला ४९९ पत्ता दिला, की ४९९ पासून ४०० पर्यंत सगळं कोरं होतं, वर्डमार्कसकट. तो पुन्हा लावायला विसरलात तर पुढची बेरीज ४०१ वर थांबत नाही. डावीकडे जो पहिला वर्डमार्क सापडेल तिथपर्यंत ती जाते. वाटेत ग्राहकाचं नाव असेल तर अक्षरांचे झोन बिट (अक्षराला अंकापासून वेगळं करणारे) उडतात आणि C चा ३ होतो. यंत्र थांबत नाही, दिवा लागत नाही. चूक कळते ती छापील कागदावर, तीही कुणी नीट पाहिलं तर.

आणि बी फील्ड ए पेक्षा आखूड असेल तर वरचे अंक सरळ गळून पडतात.

पंचकार्ड
वेग मात्र इथे गैरलागू आहे, कारण खरी अडचण कार्ड रीडरची. १४०१ चा रीडर, १४०२, मिनिटाला ८०० कार्डं वाचतो, म्हणजे एका कार्डाला ७५ मिलिसेकंद. त्यातले २१ सुरुवातीला, ४४ प्रत्यक्ष वाचनात. हिशेबाला उरतात १०. कोअरचं चक्र ११.५ मायक्रोसेकंदांचं, म्हणजे त्या वेळात जेमतेम ८७० चक्रं. पाच-पाच अंकांची बेरीज आज्ञा वाचण्यासकट २०० मायक्रोसेकंदांच्या आसपास जाते, तेव्हा एका कार्डामागे पन्नासेक बेरजा. कामकाजी हिशेबाला एवढं भरपूर. पण ते १० मिलिसेकंद ओलांडले की कार्ड ओढणाऱ्या क्लचची वेळ हुकते आणि रीडर पुढच्या फेरीपर्यंत ताटकळतो. वेग ८०० वरून थेट ४०० वर! ‘रीड रिलीज’ ही जादा सोय घेतली असेल तर सुरुवातीचे २१ मिलिसेकंदही वापरता येतात.

बाइटवाला
वेगाबद्दल वाद नाहीच. पण जागेची बचत हा दावा तपासा. एप्रिल १९६४ च्या आयबीएम सिस्टिम/३६० मध्ये दशमान बेरजेची आज्ञा ६ बाइटची, तीही दोन्ही लांब्या धरून. १४०१ मध्ये तीच आज्ञा ७ स्थानांची. ३६० मध्ये ५ अंक आणि चिन्ह मिळून ३ बाइटमध्ये मावतात, १४०१ ला ५ स्थानं लागतात. शिवाय अंकाच्या जागी भलतंच काही आलं तर डेटा एक्सेप्शन (चुकीच्या डेटाचा इशारा) येतो, काम तिथेच थांबतं. हिशेबाच्या यंत्राकडून माझी पहिली अपेक्षा हीच: चुकीचं उत्तर देण्यापेक्षा थांबावं.

फेराइट
थांबण्याचा मुद्दा बिनतोड आहे, तो मान्य. जागेचा नाही. ३६० च्या ६ बाइटमध्ये पत्ते बेस रजिस्टरवर (जिथून पत्ता मोजायचा तो आकडा ठेवणाऱ्या रजिस्टरवर) उभे असतात, ती रजिस्टरं भरायची आणि सांभाळायची कोणी? १४०१ मध्ये बेरीज संपल्यावर दोन्ही पत्ता रजिस्टरं डावीकडच्या शेजारच्या फील्डवर येऊन उभी राहतात. तीन बेरजा लागून असतील तर पहिली आज्ञा ७ स्थानांची आणि पुढच्या दोन एकेका अक्षराच्या. २१ ऐवजी ९! हे जमतं ते वर्डमार्कमुळेच. फील्ड कुठे संपलं हे यंत्राला मेमरीच सांगते. आणि पाच वर्षांनी आलेल्या यंत्राच्या फूटपट्टीने १९५९ चं यंत्र मोजणं मला अन्यायाचं वाटतं.

पंचकार्ड
बी फील्डमध्ये न मावलेला हातचा पकडायची सोय होती, हेही नोंदवायला हवं. अशा अंकगणिती ओव्हरफ्लोची खूण यंत्र स्वतः राखतं. बेरजेमागे Z जोडलेली ५ स्थानांची ब्रँच आज्ञा (प्रोग्रॅमला दुसरीकडे वळवणारी) टाकली की ती तपासता येते. १,४०० स्थानांतली ५ प्रत्येक बेरजेमागे द्यायची की नाही, हे प्रोग्रॅम लिहिणाऱ्याच्या हातात होतं. मी म्हणेन, किमान अंतिम रकमेला तरी द्यावीत. हरवलेला वर्डमार्क मात्र त्यानेही सापडत नाही.