दुभाष्या, अनुवादक की मध्यस्थ? ग्राफिक्सच्या हाका इकडून तिकडे सांगणाऱ्या लायब्ररीला मराठीत काय म्हणायचं

डीएक्सव्हीके, मोल्टनव्हीके, अँगल या लायब्ररींवर (इतर प्रोग्रॅमनी वापरायच्या तयार कोडच्या संचांवर) मराठीत लिहायला घेतलंय आणि पहिल्याच परिच्छेदात गाडी अडलीये. विंडोजचा गेम डायरेक्टथ्रीडीत बोलतो, म्हणजे ग्राफिक्स कार्डाला काय काढायचं ते सांगायच्या विंडोजच्या भाषेत, लिनक्सवरच्या ड्रायव्हरला, म्हणजे कार्ड चालवणाऱ्या प्रोग्रॅमला, व्हल्कन ही दुसरी तशीच भाषा कळते, मग डीएक्सव्हीके मधे बसून याचं त्याला सांगतं. ॲपल व्हल्कनचा ड्रायव्हर देतच नाही, म्हणून तिथे मोल्टनव्हीके व्हल्कनचं मेटल, म्हणजे ॲपलची स्वतःची ग्राफिक्सची भाषा, करून देतं. क्रोममधल्या वेबजीएलच्या, म्हणजे वेबपानातून ग्राफिक्स काढायच्या सोयीच्या, खाली गूगलचं अँगल असंच सांगायचं काम करत असतं. या सगळ्यांना 'भाषांतर स्तर' म्हटलेलं वाचलं आणि मन काही मानेना, स्तर म्हटलं की जमिनीतला दगडमातीचा थर डोळ्यासमोर येतो, आणि ही वस्तू तर सेकंदाला हजारो हाका झेलत असते. कॉलला मी हाकच म्हणतोय, कारण पलीकडून कुणीतरी ओ द्यावी लागते. मधल्याला काय म्हणू?

———

दुभाष्या म्हणा, बिनधास्त. अनुवादकापुढे पूर्ण पुस्तक असतं आणि तो सवडीने काम करतो, दुभाष्या दोघांच्या मधे उभा राहून बोलणं चालू असतानाच सांगत जातो. इथे तेच होतं, गेमला वाटतं आपण डायरेक्टथ्रीडीशीच बोलतोय.

रूपांतर मात्र नको. परक्या नाटकाचं रूपांतर करताना गाव, नाती, नावं सगळं बदलून नव्याने लिहितात, ते गेमच्या पोर्टिंगला शोभेल, तिथे मूळ कोडच बदलतं. इथे गेमच्या एका ओळीलाही हात लागत नाही.

आणि दुभाष्याची खरी कसोटी लागते ती समोरच्या भाषेत शब्दच नसतो तेव्हा. ओपनजीएल ईएसमध्ये, म्हणजे अँगल ऐकतं त्या भाषेत, ट्रायंगल फॅन आहे, एका बिंदूपासून पंख्यासारखे उघडत जाणारे त्रिकोण. मेटलमध्ये हा प्रकारच नाही. मग 0, 1, 2, 3, 4 असे पाच बिंदू आले की अँगल त्याची फोड करतं, 0-1-2, 0-2-3, 0-3-4, तीन सुटे त्रिकोण. पाच आकड्यांचे नऊ झाले पण चित्र तेच. शब्दाला शब्द ठेवून हे होत नाही, अर्थ समजून सांगावं लागतं. खोलीचंही, म्हणजे वस्तू किती लांब आहे त्या मापाचंही, तसंच, ओपनजीएल -1 ते 1 मोजतं, व्हल्कन 0 ते 1, त्यामुळे आकडा तसाच पुढे ढकलला तर -1 ते 0 मधलं, म्हणजे सगळ्यात जवळचं, पडद्यावरून गायब.

———

दुभाष्या पटला, पण अर्धाच. शेडरचं काय? तो हाकेसारखा एकेक येत नाही, ग्राफिक्स कार्डावर चालणारा अख्खा प्रोग्रॅम असतो. गेमबरोबर डायरेक्टथ्रीडीचा बाइटकोड (शेडरचं अर्धवट तयार रूप) येतो, डीएक्सव्हीके त्याचं स्पिर-व्ही, म्हणजे व्हल्कनचा बाइटकोड, करतं, मग ड्रायव्हर त्याचं कार्डाच्या भाषेत करतो आणि पुढच्या वेळेसाठी जपून ठेवतो. हे सरळसरळ भाषांतर झालं, एकदा करायचं आणि पुन्हा पुन्हा वापरायचं. नवीन दृश्य पहिल्यांदा आलं की गेम क्षणभर अडखळतो ना, त्यामागे बऱ्याचदा हेच काम असतं. म्हणून हाकांना दुभाष्या आणि शेडरला भाषांतर असे दोन शब्द ठेवा, वाचणाऱ्याला अडखळण्याचं कारणही आपोआप कळेल.

मध्यस्थ नको, मध्यस्थ तडजोड घडवतो, दोघांनाही थोडं सोडायला लावतो. इथे तडजोड झाली तर चित्रच बिघडेल.

———

एक भर. याला अनुकरण म्हणू नका, ती एम्युलेटरची गोष्ट, तिथे परकं यंत्रच सॉफ्टवेअरमध्ये उभं करतात. वाइन 1993 पासून विंडोजचे प्रोग्रॅम दुसरीकडे चालवतंय आणि त्याच्या नावाची फोडच 'वाइन इज नॉट ॲन एम्युलेटर' अशी आहे. 2018 च्या ऑगस्टमध्ये स्टीम चालवणाऱ्या व्हॉल्व्ह कंपनीने आणलेलं प्रोटॉन म्हणजे वाइन आणि जोडीला डीएक्सव्हीके, त्यालाही लोक सर्रास एम्युलेटर म्हणतात, ते चूक आहे.

———

सगळ्यांचे आभार, शेडरचा मुद्दा माझ्या डोक्यातच नव्हता. फक्त लिंगाचा घोळ होतोय, लायब्ररी ती आणि दुभाष्या तो. 'अँगल ही दुभाष्या आहे' हे कानाला खटकतं, म्हणून 'दुभाषी लायब्ररी' असं विशेषण करतोय. दोन भाषांतल्या मजकुराला द्विभाषिक आहेच, त्यामुळे गल्लत व्हायची नाही. पहिलं वाक्य असं झालंय : डीएक्सव्हीके ही दुभाषी लायब्ररी गेमची डायरेक्टथ्रीडीतली हाक ऐकते आणि ड्रायव्हरला व्हल्कनमध्ये सांगते, शेडर मात्र आधी अख्खा भाषांतरित करून घेते.