रोमानियातला हंगेरियन स्वायत्त प्रदेश कुठे गेला?

प्रश्न: १९५२ ला रोमानियात हंगेरियन लोकांसाठी स्वायत्त प्रदेश काढलेला ना, मग आता नकाशावर का दिसत नाही?

– मॉस्कोच्या (सोव्हिएत संघाच्या) दबावाने बनवलेला तो, राजधानी तर्गू मुरेश. शाळा, ऑफिसं हंगेरियनमध्ये चालायची पण दोरी राजधानी बुखारेस्टमधल्या कम्युनिस्ट पार्टीच्याच हातात, स्वायत्तता आपली नावाला.

– खरी मेख १९६० ची. ५६ चा हंगेरीतला उठाव बघून सरकार बिचकलेलंच, मग दक्षिणेकडचे हंगेरियन तालुके तोडून शेजारच्या ब्राशोव प्रदेशाला जोडले न् रोमानियन बहुसंख्य असलेले लुदुश वगैरे आत घातले, हंगेरियन लोकांचा टक्का साधारण ७७ वरून ६२ वर आला, माणूस एकही न हलवता! नावातही 'मुरेश' घुसवलं.

– १९६८ ला रोमानियाचा कम्युनिस्ट नेता चाउशेस्कूने देशभरचे प्रदेशच मोडून जिल्हे केले त्यात हाही गेला. त्याच्या जागी आताचे हारगिता, कोवास्ना, मुरेश हे जिल्हे बघ.