हिब्रूतले प्रत्यय : मिलोन, शाओन आणि इतर शब्द

प्रश्न : हिब्रूत शब्द धातूच्या पोटातच घडतात, आपल्यासारखे शेवटी लागणारे प्रत्यय तिथे जवळजवळ नाहीत, असं वाचलं. खरं आहे का?

उत्तर : पहिला भाग खरा, दुसरा नाही.

हिब्रू धातू बहुधा तीन व्यंजनांचा असतो आणि स्वर बदलले की शब्द बदलतो. क-त-व पासून काताव (त्याने लिहिलं), कोतेव (लिहिणारा), मिख्ताव (पत्र), क्तोवेत (पत्ता). मराठी माणसाला हे अगदीच परकं वाटू नये. पडणे-पाडणे, तुटणे-तोडणे, मरणे-मारणे यांत आपणही स्वर बदलूनच अर्थ फिरवतो. आपल्याकडे हे मोजक्या क्रियापदांत होतं, तिथे भाषाभर.

पण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून हिब्रू पुन्हा रोजच्या बोलण्यात आणायची होती, आणि त्यासाठी नव्या शब्दांची फार मोठी गरज पडली. इथे प्रत्ययांनी मोलाचं काम केलं. सगळ्यात सुंदर उदाहरण ‘-ओन’चं. कोशाला आधी ‘सेफेर मिलीम’, म्हणजे शब्दांचं पुस्तक, असं म्हणत. हिब्रूच्या पुनरुज्जीवनात पुढाकार घेणारे एलिएझेर बेन येहुदा (1858-1922) यांनी ‘मिला’ म्हणजे शब्द, त्याला ‘-ओन’ लावून ‘मिलोन’ केलं. एत (काळ) वरून इतोन (वर्तमानपत्र), शाआ (तास) वरून शाओन (घड्याळ), शावुआ (आठवडा) वरून श्वुओन (साप्ताहिक). पुढे इतोनला ‘-आई’ लागून इतोनाई, म्हणजे पत्रकार. एका प्रत्ययावर दुसरा चढतो, तरी शब्द ऐकताक्षणी उलगडतो. मला ही घडण फार आवडते.

हाच ‘-ओन’ लघुत्वही दाखवतो : सेफेर (पुस्तक) – सिफ्रोन (पुस्तिका), माख्शेव (संगणक) – माख्शेवोन (गणकयंत्र). म्हणून ‘-ओन म्हणजे छोटा’ एवढंच सांगणाऱ्या याद्यांवर विसंबू नका. घड्याळ म्हणजे काही छोटा तास नव्हे.

‘-इया’ बहुतेक वेळा जागा सांगतो : सिफ्रिया (ग्रंथालय), नगारिया (सुतारकामाचा कारखाना). इर म्हणजे शहर, त्यावरून इरिया म्हणजे नगरपालिका. पण मातार (पाऊस) वरून मित्रिया होतं, ती मात्र छत्री. ‘-ऊत’ आपल्या ‘-पणा’ किंवा ‘-त्व’ सारखा भाववाचक : येलेद (मूल) – याल्दूत (बालपण). ‘-निक’ हा स्लाव्ह भाषांतून यिद्दिश (पूर्व युरोपातल्या ज्यूंची भाषा) मार्गे आलेला पाहुणा, किबुत्सनिक म्हणजे किबुत्सवर (सामूहिक वसाहतीवर) राहणारा.

पुढचा प्रश्न : आणि अनेकवचन? ‘-ईम’ पुल्लिंगी, ‘-ओत’ स्त्रीलिंगी, इतकं सोपं आहे?

उत्तर : साधारणपणे हो, पण लिंग प्रत्ययावरून ठरवू नका. ‘आव’ म्हणजे बाप, त्याचं अनेकवचन आवोत. ‘शाना’ म्हणजे वर्ष, हे स्त्रीलिंगी, तरी शानीम. खरं लिंग विशेषणात कळतं : चांगली वर्षं म्हणजे ‘शानीम तोवोत’.

शिवाय संस्कृतात असलेलं आणि मराठीतून गेलेलं द्विवचन तिथे काही ठिकाणी टिकलं आहे. योमायिम (दोन दिवस), श्नातायिम (दोन वर्षं), पाआमायिम (दोनदा). यादायिम (हात), मिख्नासायिम (पँट) आणि ओफानायिम (सायकल, म्हणजे दोन चाकं) हेही त्याच घडणीचे. मात्र अवयवांत हे रूप साध्या अनेकवचनासारखं चालतं. टेबलाचे चार पायसुद्धा ‘आर्बा राग्लायिम’ असतात.

आणखी एक शंका : आपल्या ‘-कर’सारखं काही?

उत्तर : ‘-ई’. येरुशालायिमचा (जेरुसलेमचा) तो येरुशाल्मी. हे आडनावही आहे. कोकणातल्या बेने इस्रायल या ज्यू समाजाने गावांवरून पेणकर, रोहेकर अशी आडनावं घेतली. म्हणजे तीच गरज त्यांनी मराठी प्रत्ययाने भागवली. फरक असा, की ‘-कर’ला लिंग नाही आणि ‘-ई’ला आहे. भारतीय पुरुष होदी, स्त्री होदीत. भाषांच्या नावांतला ‘-ईत’ही हाच, कारण भाषा (साफा) हिब्रूतही स्त्रीलिंगी : इव्रीत (हिब्रू), आंग्लीत (इंग्रजी). आपल्या भाषेचं नाव तिथे ‘मराटीत’ होतं. आपल्या कानाला ती सप्तमी वाटते, पण तो ‘त’ स्त्रीलिंगाचा आहे.